वाचणाऱ्या मुलीला लेखातून काढावे का?

पत्राचा सारांश: पत्र लिहिणाऱ्या वाचक ४६ वर्षांच्या असून तालुक्याच्या गावी एका पतसंस्थेत नोकरी करतात. शिक्षण बी.कॉम.पर्यंत झाले आहे. वाचन मात्र लहानपणापासून भरपूर आहे. नवव्या ते सोळाव्या वर्षापर्यंत गावच्या वाचनालयातून आणून वाचलेल्या पुस्तकांवर त्यांनी गेल्या वर्षभरात काही लेख लिहिले. पहिला लेख ‘चौघीजणी’वर आहे, म्हणजे लुइसा मे अल्कॉट यांची ‘लिटल विमेन’ ही चार बहिणींची अमेरिकन कादंबरी शांता शेळके यांनी मराठीत आणली त्यावर, दुसरा ‘फास्टर फेणे’वर, तिसरा लक्ष्मीबाई टिळक यांच्या ‘स्मृतिचित्रे’ या आत्मचरित्रावर. मराठीच्या एका निवृत्त प्राध्यापकांना त्यांनी हे लेख दाखवले. सरांनी भाषेचे कौतुक केले, पण ही समीक्षा नसून आठवणी आहेत, समीक्षा लिहायची असेल तर ‘मी’ काढून टाका आणि मुलामुलींच्या व अनुवादित पुस्तकांऐवजी एखादा भारदस्त विषय घ्या, असे सुचवले. दुसरीकडे थोरल्या भावाला तिसऱ्या लेखातला एक उल्लेख खटकला आहे. आईच्या वाचनावर वडील चिडत आणि एकदा त्यांनी वाचनालयाची वर्गणीच बंद केली होती, असे त्यात लिहिले आहे. वडील आता नाहीत. आई ७४ वर्षांची असून भावाकडे राहते. घरातले चव्हाट्यावर कशाला, असे भावाचे म्हणणे आहे. पत्रलेखिका विचारतात: ‘मी’ काढून समीक्षा लिहावी, की नुसत्या आठवणी लिहाव्यात? एम.ए. नसताना पुस्तकांवर लिहिण्याचा अधिकार मला आहे का? आणि दादाचे मन दुखवून हे छापावे का?

सप्रेम नमस्कार.

तुमचे पत्र आणि सोबत पाठवलेला ‘चौघीजणी’वरचा लेख मी सावकाश वाचला. प्रश्न तुम्ही तीन विचारले आहेत, पण तिन्हींच्या मुळाशी एकच धास्ती दिसते. बारा वर्षांच्या मुलीने जिन्याखाली बसून जे वाचले, त्याला जाणत्या माणसांच्या चर्चेत जागा आहे का, ही ती धास्ती. माझे उत्तर आधीच सांगते. जागा आहे, पण ती मुलगी एकटी पुरणार नाही. तिच्या शेजारी आजच्या तुम्हाला तेच पुस्तक पुन्हा हातात घेऊन बसावे लागेल. लेखात मला उणीव जाणवली ती इथे, आणि ‘मी’ ठेवावा की काढावा या वादात नेमकी हीच गोष्ट बाजूला राहिली आहे.

समीक्षा आणि आठवणी असे दोन कप्पे सरांनी आखून दिले आणि आपण कोणत्या कप्प्यात बसतो, हे तुम्ही विचारता आहात. हे कप्पे इतके पक्के आहेत का, हे आधी पाहू. ज्यांच्या पुस्तकापासून तुम्ही सुरुवात केली त्या शांताबाईंचेच उदाहरण घ्या. त्यांचा जन्म १२ ऑक्टोबर १९२२ रोजी इंदापूरला झाला. वडील वनखात्यात असल्याने लहानपणी वेगवेगळ्या गावी मुक्काम झाला. वडील अकाली गेले. मग पुण्यात हुजूरपागेची शाळा आणि स. प. महाविद्यालय. पुढे आचार्य अत्रे यांच्या ‘नवयुग’ साप्ताहिकात त्यांनी उपसंपादकी केली आणि नंतर नागपूरला हिस्लॉप महाविद्यालयात व मुंबईत रुईया आणि महर्षी दयानंद महाविद्यालयांत मराठी शिकवले. म्हणजे दर आठवड्याला अंकाचा मजकूर सिद्ध करण्याची सवय आणि वर्गात कविता ओळीओळीने उलगडून सांगण्याची सवय, अशा दोन सवयी त्यांच्या हाताला होत्या. कविता, गीते, कादंबऱ्या, अनुवाद असे सगळे लिहीत असतानाच त्यांनी ‘धूळपाटी’त आपले बालपण आणि जडणघडण लिहिली, ‘शब्दांच्या दुनियेत’सारखे ललित लेखन केले आणि ‘कविता स्मरणातल्या’मध्ये मनात घर करून राहिलेल्या एकेका कवितेवर लिहिले. हे शेवटचे पुस्तक तुम्ही अवश्य मिळवा. ते वाचताना लेखिकेचे स्मरण कुठे संपते आणि कवितेचे विवेचन कुठे सुरू होते, हे वेगळे काढून दाखवता येत नाही, आणि तरी प्रत्येक वेळी मन त्या कवितेकडेच जाते, लेखिकेकडे नाही.

आणखी दोन पुस्तके तुमच्या वाचनातली असतीलच. दुर्गा भागवत यांचे ‘व्यासपर्व’ १९६२ मधले आणि इरावती कर्वे यांचे ‘युगान्त’ १९६७ मधले. दोन्ही महाभारतातल्या व्यक्तिरेखांवर आहेत. एक लेखिका लोकसाहित्याची अभ्यासक, दुसरी मानववंशशास्त्रज्ञ. इरावतीबाई पुण्याच्या भांडारकर संस्थेने अनेक हस्तलिखिते ताडून सिद्ध केलेल्या महाभारताच्या चिकित्सित आवृत्तीचा आधार घेऊन बोलतात, तर दुर्गाबाईंचे गद्य पुष्कळदा काव्याच्या अंगाने जाते. या पुस्तकांना ललित म्हणावे की समीक्षा, यावर एकमत झाल्याचे माझ्या ऐकण्यात नाही, आणि ते न झाल्यामुळे कोणाचे वाचायचे अडलेलेही नाही. तेव्हा कप्प्याची चिंता तूर्त सोडून द्या.

‘मी’ काढा, हा सल्ला म्हणून जसाच्या तसा घेऊ नये असे मला वाटते. पण सरांना जे खटकले ते निराधार नाही, हेही मी सांगितले पाहिजे. तुमच्या चार पानांच्या लेखात वाचनालयाचे काचेचे कपाट आहे, ग्रंथपालकाकांचा स्वभाव आहे, जिन्याखालची जागा आहे, स्वयंपाकघरातून आलेल्या हाका आहेत. हे सगळे तुम्ही फार चांगले लिहिले आहे. ‘चौघीजणी’ मात्र पाऊण पानात उरकली आहे, आणि त्या पाऊण पानातही चौघींतली लिहिणारी बहीण ज्यो आवडली आणि रडू आले, यापलीकडे मजकूर जात नाही. लेख सैल झाला आहे तो पुस्तक कमी पडल्यामुळे. ‘मी’ काढलात तर उरलेला पाऊण पानाचा मजकूर काही आपोआप समीक्षा होणार नाही.

तुम्ही एका ओळीत लिहून गेला आहात की धाकट्या बहिणीने, एमीने, ज्योची वही जाळली तिथे तुम्ही पुस्तक मिटले आणि दोन दिवस उघडले नाही. लेखातले सर्वांत मोलाचे वाक्य ते आहे, आणि तिथेच तुम्ही थांबायला हवे होते. लुइसा मे अल्कॉटची मूळ कादंबरी दोन भागांत आली, १८६८ आणि १८६९ मध्ये. पहिल्या भागात थोरल्या दोघी बहिणी नाटकाला जातात, धाकट्या एमीला बरोबर नेत नाहीत, आणि त्या रागात ती ज्योचे हस्तलिखित आगीत टाकते. त्यात काही मोठा ग्रंथ नसतो. पाच-सहा परीकथा असतात. पण ज्योने त्यांच्यावर काही वर्षे मेहनत घेतलेली असते, नुकतीच त्यांची पक्की प्रत केलेली असते आणि पक्की प्रत झाली म्हणून कच्ची फाडून टाकलेली असते. हा एवढा तपशील दिल्यावर नुकसान किती झाले, हे लेखिकेला निराळे सांगावे लागत नाही. लिहिणाऱ्या मुलीचे दुखणे तिला आतून ठाऊक आहे. आता पुढचे पाहा. सगळे घर ज्योला क्षमा करायला सांगते. ज्यो करत नाही. मग बर्फ फुटून एमी पाण्यात पडते, वाचते, आणि आपल्या रागाची ज्योला लाज वाटते. तेव्हा तिची शांत, सोशिक आई तिला सांगते की मलासुद्धा जवळजवळ रोज राग येतो, तो दिसू न देण्याचे मी शिकले आहे. बाराव्या वर्षी हे वाक्य तुमच्या नजरेतून निसटले असणार, कारण त्या वयात आईला राग येतो तो फक्त आपला येतो. आज ते वाक्य तुम्हाला कसे लागते?

दुसऱ्या भागात आणखी एकदा कागद जळतात, आणि ते कोणाला फारसे आठवत नाहीत. मोठी झालेली ज्यो न्यूयॉर्कला राहून पैशांसाठी एका साप्ताहिकाला सनसनाटी कथा देत असते. तिथे भेटलेले प्राध्यापक भाएर अशा लेखनाविषयी तिच्यासमोर तिटकाऱ्याने बोलतात. तिच्या कथा ते वाचतही नाहीत. ती खोलीत जाते, त्यांच्या नजरेने आपल्या कथा पुन्हा वाचते आणि स्वतःच्या हाताने शेगडीत घालते. पहिल्या जळण्याला आपण सगळ्या अन्याय म्हणतो. दुसरे जळणे कादंबरीत ज्योच्या सुधारण्यासारखे येते, म्हणून त्याला कोणी अन्याय म्हणत नाही. आणि ते लिहिणारी अल्कॉट स्वतः ए. एम. बर्नार्ड या टोपणनावाने तसल्याच कथा लिहीत होती. तिच्या त्या कथा टिकल्या, आणि विसाव्या शतकात संशोधकांनी त्या तिच्या नावावर परत आणल्या. एका कादंबरीतली ही दोन जळणी शेजारी ठेवून तुम्ही लिहिलेत, तर तो लेख कोणत्या कप्प्यातला, हे विचारायचे कोणाला सुचणार नाही.

हा दुसरा प्रसंग मी तुमच्यासमोर का ठेवला, हे तुमच्या लक्षात आले असेल. एका व्यासंगी माणसाच्या नजरेने आपले लेखन पाहून ते बाजूला टाकण्याच्या बेतात आज तुम्हीही आहात. तुमचे सर भले आहेत, कादंबरीतले भाएरही भले आहेत, आणि भल्या माणसाचा शब्द मोडणे जास्त अवघड जाते.

अनुवादित पुस्तक हलके, ही समजूतही तपासून पाहा. अनुवादकाला मूळ पुस्तकाची एकही ओळ गाळून वाचता येत नाही. अनुवादकाइतके बारकाईने ते पुस्तक क्वचितच कोणी वाचलेले असते. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळातले, मॅसॅच्युसेट्समधल्या एका गावातले, चर्चला जाणाऱ्या कुटुंबाचे घर तुमच्या गावातल्या मुलीला आपले वाटले, यात शांताबाईंच्या मराठीचा वाटा किती, हे शोधणे हा पूर्ण समीक्षेचा विषय आहे. मूळ इंग्रजी पुस्तक आणि तुमच्याकडची मराठी प्रत समोरासमोर ठेवा. ती दोन जळणी, ख्रिसमसची ती पहिली सकाळ, आईचे ते रागाविषयीचे बोलणे, एवढेच तीन-चार उतारे काढा आणि काय तसेच ठेवले, काय आटोपते घेतले, कोण कोणाला कसे हाक मारते, हे वहीत टिपा. इंग्रजी वाचायला वेळ लागला तरी चालेल. घाई कोणालाच नाही.

अशा लेखांसाठी एक पद्धत मी सर्वांनाच सुचवेन, कारण लहानपणीच्या वाचनावर लिहावेसे वाटणाऱ्या वाचकांची पत्रे या सदराकडे वरचेवर येतात. पुस्तक न उघडता आधी आठवेल तेवढे लिहून काढा: कोणती पात्रे, कोणते प्रसंग, कोणते शब्द, पुस्तक संपले तेव्हा काय वाटले. त्या पानावर तारीख घाला आणि ते बाजूला ठेवा. मग पुस्तक पुन्हा वाचा, पेन्सिल हातात घेऊन, आणि आठवणीने जिथे फसवले तिथे खूण करा. एखादे पात्र आपण आठवत होतो त्याहून निर्दयी निघते. एखादा प्रसंग, जो पानेच्या पाने चालला होता असे आपल्याला वाटत असते, तो चार ओळींत संपलेला सापडतो. एखादा पुस्तकात मुळी नसतोच, आपल्याच घरात घडलेला असतो. या विसंगतींतच लेखाचा खरा ऐवज असतो, कारण पुस्तकाने त्या मुलीला काय दिले आणि त्या मुलीने पुस्तकात स्वतःचे काय घातले, हे तिथे निरनिराळे दिसू लागते. असा ‘मी’ कोणत्याही समीक्षकाला काढून टाकता येणार नाही.

आता अधिकाराविषयी. काशीबाई कानिटकर १८६१ साली जन्मल्या, शाळेत गेल्या नाहीत, नवव्या वर्षी त्यांचे लग्न झाले. पती गोविंदराव यांना शिकलेली बायको हवी होती, म्हणून सासरच्या माणसांच्या नजरा चुकवत त्यांनी अक्षरे गिरवली, आणि पुढे कथा-कादंबऱ्या लिहून १९१२ मध्ये डॉ. आनंदीबाई जोशी यांचे चरित्र प्रसिद्ध केले. त्याच काशीबाईंचे आत्मचरित्र सरोजिनी वैद्य यांनी संपादित केले आणि त्याला त्यांच्या चरित्राची जोड दिली. सरोजिनीबाई मुंबई विद्यापीठात मराठीच्या प्राध्यापक होत्या, नावाजलेल्या समीक्षक होत्या. एका मुलीने चोरून वाचायला कसे शिकले, हा विषय त्यांना किरकोळ वाटला नाही. पदवी नसलेल्या लेखिकेचे आणि पदवी असलेल्या समीक्षकेचे काम त्या एका ग्रंथात एकत्र आले आहे, आणि दोघींपैकी कोणाचेही दुसरीवाचून पूर्ण झाले नसते.

याचा अर्थ अभ्यास नको, असा मात्र घेऊ नका. कुसुमावती देशपांडे यांचा ‘पासंग’ हा १९५४ चा समीक्षालेखसंग्रह किंवा ‘मराठी कादंबरीचे पहिले शतक’ वाचा. त्या नागपूरला इंग्रजी शिकवत आणि १९६१ च्या ग्वाल्हेरच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्ष झाल्या, तो मान मिळालेल्या पहिल्या स्त्री. त्यांच्या लेखनात एका पुस्तकाशेजारी दुसरे ठेवून पाहण्याची, घाईने शेरा न मारण्याची जी शिस्त दिसते ती विद्यापीठात लवकर लागते, पण घरी बसूनही लावून घेता येते. लेखक आणि अनुवादक दोघांची नावे पूर्ण द्या. पहिल्या आवृत्तीचे साल मुखपृष्ठामागच्या पानावरून पाहून घ्या, आठवणीवर विसंबू नका. अवतरण दिलेत तर शब्दन् शब्द मूळ प्रतीशी ताडून पाहा. ‘मराठीतले पहिलेच’ असे काही लिहायची वेळ आली, तर ते खात्रीने सिद्ध करता येत नसेल तेव्हा वाक्य सरळ काढून टाका. त्या पुस्तकावर दुसऱ्या कोणी लिहिलेला निदान एक लेख वाचा, मग तुमचे मत वेगळे का, हे तुम्हाला नीट सांगता येईल. हे सगळे केलेत की एम.ए. झाला आहात का, असे विचारण्याचे कारण वाचकाला उरत नाही.

भारदस्त विषयाचे म्हणाल, तर मुलीपण हा विषय मराठीत हलका कधीच नव्हता. जोतीराव आणि सावित्रीबाईंच्या शाळेत शिकणाऱ्या मुक्ताबाईने, वय जेमतेम चौदा, मांग-महारांच्या दुःखाविषयी लिहिलेला निबंध १८५५ मध्ये ‘ज्ञानोदय’ या नियतकालिकात छापून आला. त्यात ग्रंथ कोणाला वाचता येतो आणि कोणाला नाही, यावर तिने जे बोलून ठेवले आहे त्याला आजही उत्तर देणे कठीण जाते. १९३३ मध्ये ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह आला तेव्हा इतके वादळ उठले की विभावरी शिरूरकर हे नाव कोणाचे, याचा शोध लोक घेत राहिले. मालतीबाई बेडेकरांना त्या नावाच्या आड राहणे भाग पडले होते. शिकलेल्या मुलींच्या मनातले कागदावर आले, एवढ्याने समाज अस्वस्थ झाला. ज्या विषयाने समाज इतका हलतो, त्याला हलका कसे म्हणावे?

‘फास्टर फेणे’वरचा लेख तुम्ही पाठवला नाही, पण त्याविषयी एक सुचवते. भा. रा. भागवतांचा बन्या सायकल काढतो आणि मनात येईल तिकडे जातो. तुम्ही त्याच्या मागोमाग पुण्याच्या गल्ल्या पालथ्या घातल्यात, आणि त्याच वयात तुम्हाला दिवेलागणीच्या आत घरी यावे लागत होते, हे तुम्ही पत्रात सहज लिहिले आहे. मुलाचे पुस्तक वाचताना मुलगी काही तासांपुरती मुलगा होते. पुस्तक मिटले की सायकल दादाची असते. या दोन्हींच्या मधल्या जागेत तिने काय केले, हे ती पुस्तके वाचणाऱ्या मुलांना सांगता येणार नाही. ते तुम्हीच लिहायला हवे. मात्र तुमचे मुलीपण सगळ्यांचे, असे धरून चालू नका. वाचनालयाचे कपाट तुम्हाला उघडे होते. ऊर्मिला पवार यांचे ‘आयदान’ हे आत्मकथन शेजारी ठेवा. रत्नागिरीच्या बाजूचे बालपण, बांबूची आयदाने विणणारी आई आणि शाळेतही पाठ न सोडणारी जात, हे वाचल्यावर ‘आम्ही मुली’ असे लिहिताना तुमचा हात जरा थांबेल, आणि थांबणे चांगलेच.

शेवटी दादांचा प्रश्न, जो तुम्हाला सर्वांत जड जातो आहे असे मला वाटते. घरातले बाहेर, हा आक्षेप जुना आहे. रमाबाई रानडे यांच्या १९१० च्या ‘आमच्या आयुष्यातील कांही आठवणी’त त्यांचे पती न्यायमूर्ती रानडे त्यांना लिहायला-वाचायला शिकवतात आणि घरातल्या वडीलधाऱ्या बायका त्यावरून त्यांना किती बोलतात, हे आले आहे. ते लिहिले नसते तर त्या काळी एका मुलीच्या हातात पुस्तक येण्याची किंमत काय होती, हे आपल्याला कळले नसते. पण ते कसे लिहिले आहे, तेही पाहा. त्यात कोणाचा सूड घेतलेला नाही. तुमचा तिसरा लेख ज्या ‘स्मृतिचित्रां’वर आहे, त्यात लक्ष्मीबाई टिळक वडिलांच्या पराकोटीच्या सोवळ्याने घरादाराचे झालेले हाल सांगतात, पण त्याआधी त्या घरावर कोसळलेल्या आघाताची हकीकत सांगतात, म्हणून वाचकाला त्या माणसाचा राग येतो आणि कणवही येते. तुमच्या लेखात वडिलांनी वर्गणी बंद केली, एवढे एकच वाक्य आहे. का बंद केली? पैशाची ओढाताण होती, की वाचणाऱ्या बायकोविषयी कोणी काही बोलले होते, की त्यांना स्वतःला वाचनाची गोडी नव्हती? ठाऊक असेल तर लिहा. ठाऊक नसेल तर ‘कारण मला कधी कळले नाही’ असे लिहा. दादांना लागले असेल ते बहुधा त्या वाक्याचे एकटेपण.

तुमच्या पत्रात दादा काय म्हणाले ते आहे, सर काय म्हणाले ते आहे, तुम्हाला काय वाटते ते आहे. आईला कोणी विचारल्याचे त्यात कुठे दिसत नाही. वाचन तिचे बंद झाले होते. ती ७४ वर्षांची आहे आणि बोलू शकते आहे. छापावे की नाही याचा विचार त्यानंतर करा. आधी निवांतपणे तिच्याजवळ बसा आणि तिला विचारा की ती तेव्हा काय वाचत होती, वर्गणी बंद झाल्यावर पुस्तके कुठून मिळवत होती, की मिळवतच नव्हती. तिने नको म्हटले तर तो उल्लेख गाळा. तो तिच्या आयुष्याचा भाग आहे आणि तिचा शब्द तिथे शेवटचा. तिने सांगितले तर तिच्याच शब्दांत टिपून घ्या. दादांना लेख छापण्याआधी वाचायला द्या, परवानगीसाठी म्हणून नाही, तर तपशील चुकला असल्यास त्यांनी सांगावा म्हणून, आणि तसे स्पष्ट सांगून द्या. तुमच्यापेक्षा ते थोरले आहेत, त्या काळातले तुम्हाला न दिसलेले काही त्यांना दिसलेले असेल. त्यांचे वेगळे स्मरण लेखात एका वाक्याने नोंदवता आले तर नोंदवा. त्यानंतरही त्यांचा विरोध राहिला, तर आईच्या संमतीने छापायला माझी हरकत नाही, आणि भावाशी बोलणे तुटू न देण्याची काळजी तुम्ही घ्यालच.

छापण्याच्या व्यवहाराविषयी थोडे. आठशे ते हजार शब्दांचा एक लेख, एका पुस्तकावर, असे माप ठेवलेत तर दिवाळी अंकांना आणि नियतकालिकांना ते सोयीचे पडते. आपल्याकडे स्वामित्वहक्क लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षे चालतो. अल्कॉट १८८८ मध्ये आणि लक्ष्मीबाई १९३६ मध्ये गेल्या, तेव्हा त्यांच्या पुस्तकांतले उतारे घेण्याची अडचण नाही. शांताबाई ६ जून २००२ रोजी गेल्या, म्हणून त्यांच्या अनुवादातले उतारे मोजकेच, विवेचनापुरते आणि नावानिशी द्या. तेवढ्याला कायद्याने मुभा आहे. जुनी प्रत गावात मिळाली नाही तर जिल्ह्याच्या ठिकाणच्या ‘अ’ वर्गाच्या, म्हणजे शासनाच्या वर्गवारीतल्या मोठ्या, वाचनालयात किंवा ठाणे आणि मुंबईच्या मराठी ग्रंथसंग्रहालयांत चौकशी करा.

‘स्मृतिचित्रां’वरचा लेख आईशी बोलणे होईपर्यंत राहू द्या आणि ‘चौघीजणी’चा आधी हातात घ्या. तो नव्याने लिहून झाला की सरांकडे पुन्हा जा. या वेळी ही समीक्षा झाली का, असे त्यांना विचारू नका. पुस्तकाविषयी मी केलेले कोणते विधान पुस्तकात सापडत नाही, तेवढे दाखवा, अशी विनंती करा. इतकी वर्षे शिकवलेल्या माणसाला त्याचे उत्तर नेमके देता येईल, आणि त्यांनी जिथे खूण केली असेल ते पान तुम्हाला पुन्हा उघडून पाहता येईल.